टायटलात नाव नाही, म्हणून नट नाही

सरकारी अनुदान मागायला येणाऱ्या प्रत्येक मराठी चित्रपटाच्या निर्मात्याकडून तीन कागद घ्यावेत, अशी माझी मागणी आहे. गावातल्या ज्या माणसांनी कॅमेऱ्यासमोर काम केलं त्यांची यादी. त्यांच्यापैकी ज्यांच्या तोंडी एखादं तरी वाक्य आहे, त्यांच्याशी केलेला लेखी करार. आणि चित्रपटाच्या शेवटच्या टायटलांत त्यांची नावं आल्याचा पुरावा. धानाचा बोनस, वाघाचे हल्ले, बंद पडणाऱ्या शाळा असे प्रश्न पुढ्यात असताना ही मागणी किरकोळ वाटेल, हे मान्य. पण पूर्व विदर्भातल्या माणसाला ती सुचायला कारण आहे. आमच्याकडे नट आहेत, आणि ते पुष्कळ आहेत.

चंद्रपूर, गडचिरोली, भंडारा, गोंदिया हे धानाचे जिल्हे. भाऊबीज उरकली, मंडया म्हणजे गावजत्रा भरू लागल्या की झाडीपट्टीत, म्हणजे या जिल्ह्यांच्या पट्ट्यात, नाटकांचा हंगाम लागतो, तो होळीच्या आगेमागे उतरतो. गोंदिया-बल्लारशा रेल्वेमार्गावरचं वडसा, कागदोपत्री देसाईगंज, हे या धंद्याचं ठाणं. नाट्यमंडळांची ऑफिसं तिथे थाटलेली असतात. गावोगावची आयोजक मंडळी तिथे जातात, तारीख ठरवतात, नाटक निवडतात, इसार देतात. रात्री दहाच्या सुमारास पडदा उघडतो आणि नाटक संपेपर्यंत उजाडायला लागलेलं असतं. शंकरपट म्हणजे बैलांची शर्यत असेल तर दिवसा पट, रात्री नाटक. माणसं घोंगडी-चादरी घेऊन, पोराबाळांसकट, तिकीट काढून बसतात. अशा आयोजक मंडळात मी बरीच वर्षं बसलो आहे. त्यामुळे पुढचं सगळं थोडं पक्षपाती आहे असं समजून वाचायला हरकत नाही.

या नटाला पैसे मिळतात ते नाईटप्रमाणे, तेही हंगामापुरते. एरवी तो आमच्यासारखाच. मार्च-एप्रिलात घरची माणसं मोहफुलं वेचतात, मे महिन्यात तेंदूपत्ता, पावसात रोवणी, दिवाळीच्या तोंडावर कापणी. कोणाची दीड-दोन एकर बांधी असते, कोणी गवंडी असतो, कोणाचं सलून असतं. कोरोनाच्या काळात तारखा रद्द झाल्या, तेव्हा यातले कितीतरी जण मिळेल त्या रोजीला गेले. पण हंगामात त्याचा फोटो पोस्टरवर असतो, फिरत्या गाडीवरच्या भोंग्यातून त्याचं नाव पुकारलं जातं. बायकांच्या वाट्याला हे कौतुकही पुरतं येत नाही. रात्रभर टाळ्या घेणाऱ्या नटीला सकाळी खोली भाड्याने द्यायला लोक का-कू करतात. त्यावर वेगळा लेख लिहावा लागेल.

आता या नटाच्या गावात चित्रपटाचं युनिट उतरतं.

उतरतं तेही हिवाळ्यात, कारण तेव्हा रस्ते कोरडे असतात आणि ऊन मऊ असतं. म्हणजे नेमकं नाटकाच्या हंगामात. कोऑर्डिनेटर नावाचा माणूस, बहुतेक वेळा नागपूरचा, चहाच्या टपरीवर चौकशी करतो आणि नट शोधून काढतो. ‘भाऊ, दोन दिवसांचं काम आहे. चेहरा एकदम बरोबर आहे तुमचा.’ दोन दिवसांचे सहा होतात. पहिल्या दिवशी घातलेला सदरा तसाच घालून यायचा, दाढीला हात लावायचा नाही. कन्टिन्युइटी म्हणतात तिला. रात्री त्याला वीस-पंचवीस किलोमीटरवर इन्स्पेक्टरची भूमिका करायची असते आणि झाडीपट्टीतला इन्स्पेक्टर गुळगुळीत दाढीचाच लागतो. मंडळाचा मालक बोंबलतो, आयोजक बोंबलतात. एखादी नाईट बुडते. युनिटकडून मिळणारे पैसे त्या बुडालेल्या नाईटपेक्षा जास्त असतीलच असं नाही, आणि ते कोऑर्डिनेटरच्या हातून येत असल्यामुळे मूळ किती होते हे कोणालाच कळत नाही. करार नसतो. असलाच तर इंग्रजीतला एक कागद असतो, त्यावर सही घेतात आणि त्याची प्रत देत नाहीत.

काही महिन्यांनी मुंबईत डबिंग होतं. याला तिथवर न्यायचं, दोन दिवस ठेवायचं, हा खर्च वाचवण्यासारखा असतो. मग कोणीतरी दुसराच त्याची वाक्यं बोलून टाकतो. तो दुसरा झाडी बोली कशाला बोलेल? तो बोलतो ते मुंबईत बसून वऱ्हाडी वाटेल असं काहीतरी, नाकातून. अकोल्याकडचं वऱ्हाडी वेगळं आणि ब्रह्मपुरी-सिंदेवाहीकडचं बोलणं वेगळं, ही गोष्ट मराठी पडद्याला अजून समजायची आहे. चित्रपट लागतो. गावातली पोरं तालुक्याला जाऊन बघून येतात किंवा मोबाइलवर बघतात. चेहरा आपल्या माणसाचा, आवाज परक्याचा. आणि शेवटी टायटलं वर सरकायला लागली की त्यात ड्रायव्हरची नावं असतात, जेवण पुरवणाऱ्याचं असतं, जनरेटरवाल्याचं असतं (असायलाच हवं, त्यांनीही राबून काम केलेलं असतं) आणि याच्यासाठी एक ओळ असते: समस्त ग्रामस्थ मंडळींचे आभार.

इथवर वाचून कोणी म्हणेल, नाव आलं नाही, वाईट झालं, पण त्यात एवढं काय? नावाने पोट भरत नाही. मलाही बरीच वर्षं असंच वाटायचं. पण कायदा वाचला की चित्र बदलतं. कॉपीराइट कायद्यात २०१२ साली मोठी दुरुस्ती झाली. गीतकार-संगीतकारांच्या रॉयल्टीमुळे ती गाजली. त्याच दुरुस्तीने नटांसारख्या कलाकारांचे हक्कही वाढवले. त्यांच्या कामाचा पुढे व्यावसायिक वापर झाला तर रॉयल्टीवर त्यांचा हक्क सांगितला. पण कलाकार कोणाला म्हणायचं, त्या व्याख्येला एक शेपूट जोडलं. चित्रपटात ज्याचं काम प्रासंगिक किंवा आनुषंगिक आहे आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीसकट कुठेच दिलं जात नाही, त्याला कलाकार धरायचं नाही. त्याच्यासाठी एवढंच ठेवलं की, त्याच्या कामाची मोडतोड करून नावलौकिकाला बट्टा लावला तर तो दाद मागू शकतो. बाकी हक्क त्याला नाहीत.

पुन्हा वाचा. नाव न देण्याचा रिवाज पाडला कोणी? धंद्याने. त्या रिवाजाचा आधार घेऊन हक्क नाकारला कोणी? कायद्याने. गर्दीत उभ्या राहिलेल्या पाचशे माणसांना रॉयल्टी वाटत बसणं शक्य नाही, हे मलाही कळतं, आणि त्या गर्दीपुरती ही तरतूद समजण्यासारखी आहे. पण गर्दीतला माणूस आणि चार वाक्यांचा पोलीसपाटील यांच्यातली रेघ कोण मारणार? आज ती निर्माता मारतो आणि टायटलं तयार करताना मारतो. अशा ठिकाणी नाव आलं तर माणूस कायद्याच्या दारात निदान उभा तरी राहू शकतो. नाव नसलं तर आपण नट होतो हे सिद्ध करण्यापासूनच त्याची सुरुवात.

कामगार कायद्यांकडे वळलं तरी तेच. १९८१ साली संसदेने चित्रपट कामगारांसाठी कायदे केले. एकाने लेखी कराराशिवाय चित्रपट कामगाराला कामावर ठेवायला मनाई केली. त्याला उत्पन्नाची कमाल मर्यादा होती, म्हणजे तो मुळात कमी पैशाच्या माणसासाठीच होता. दुसऱ्याने कल्याण निधी काढला, दवाखाना, घर, मुलांचं शिक्षण यासाठी. पण त्या निधीच्या कायद्यात चित्रपट कामगार कोण? ज्याने किमान पाच चित्रपटांत काम केलं आहे तो. मुंबईत, कोल्हापुरात पाच चित्रपट होऊन जातात. सिंदेवाही तालुक्यातल्या माणसाच्या आयुष्यात युनिट एकदा येतं, फार तर दोनदा. तो कधीच पाचाचा आकडा गाठणार नाही आणि गाठला तरी दाखवणार कशाने? आता ते जुने कायदे गेले आणि २०२५ च्या नोव्हेंबरपासून नव्या कामगार संहिता लागू झाल्या. त्यांत मालिका आणि डिजिटल कामही धरून ‘दृक्‌श्राव्य कामगार’ असा वर्ग आहे आणि लेखी कराराची अट तिथेही आहे. चांगलं आहे. पण १९८१ ची अटसुद्धा चांगलीच होती. चाळीसहून जास्त वर्षांत ती आमच्या एकाही चहाच्या टपरीपर्यंत पोचल्याचं मी पाहिलं नाही.

याच देशात चित्रपटात काम करणाऱ्या लहान मुलांसाठी मात्र नियम नीट लिहिलेले आहेत. २०१७ च्या नियमांप्रमाणे मुलाला दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम देता येत नाही, जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते, आणि त्याच्या कमाईतला किमान वीस टक्के भाग राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावे मुदत ठेवीत टाकावा लागतो. आमच्या अमरावतीच्या श्रीनिवास पोकळेला ‘नाळ’ आणि ‘नाळ २’ या दोन्ही चित्रपटांसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. अशा मुलांसाठी एवढी तजवीज सुचते, म्हणजे काय लिहावं लागतं ते सरकारला ठाऊक आहे.

निर्मात्यांचं म्हणणं मी ऐकलेलं आहे आणि ते सगळंच खोटं नाही. मराठी चित्रपटाचं बजेट तुटपुंजं असतं. बहुतेक चित्रपट आठवडाभरात थिएटरातून उतरतात. मुंबईच्या युनियनचे दर आणि शिफ्टचे नियम खेड्यात आणले तर छोटा निर्माता खेड्यात येणारच नाही, सेट लावून मोकळा होईल. आणि गावातली माणसं खुशीने येतात, त्यांना कोणी ओढून आणत नाही. या शेवटच्या मुद्द्यावर मी थांबतो, कारण तो सगळ्यात जास्त ऐकू येतो. खुशीने येतात हे खरंच आहे. रोवणीलाही बायका गाणी म्हणत खुशीने येतात, म्हणून कोणी मजुरी बुडवत नाही. बजेटचं म्हणाल तर माझ्या तीन कागदांपैकी एकालाही फारसे पैसे लागत नाहीत. मी मुंबईचे दर मागतच नाही. जे ठरलं ते लिहा, लिहिलं त्याची मराठीत प्रत द्या आणि नाव छापा. तीस नावं टायटलांत वाढली तर चित्रपट किती लांबेल?

अनुदानाशी हे का जोडायचं, त्याचं उत्तर सोपं आहे. राज्य सरकार मराठी चित्रपटांना दर्जा ठरवून अर्थसाहाय्य देतं. बरीच वर्षं ‘अ’ दर्जाला ४० लाख आणि ‘ब’ दर्जाला ३० लाख रुपये असा त्याचा हिशेब राहिला. हा पैसा लोकांचा आहे. सेन्सॉरचं प्रमाणपत्र, जमाखर्चाचे कागद असं बरंच काही त्यासाठी जोडावं लागतं. त्या गठ्ठ्यात आणखी तीन कागद गेले तर परीक्षकांच्या टेबलाला काही होणार नाही. शूटिंगच्या परवानग्यांसाठी एक खिडकी योजना आहे, त्या अर्जातही ही यादी नंतर जोडण्याची अट टाकता येईल. रामटेकजवळ चित्रनगरी उभारण्याच्या घोषणा आपण ऐकतो आहोत. जमीन, इमारती, स्टुडिओ यांची चर्चा होते. तिथे काम करणाऱ्या इथल्या माणसाच्या कागदांची चर्चा आजच झाली तर बरं, नाहीतर मुंबईचा कोऑर्डिनेटर नागपुरात राहायला येईल, एवढाच काय तो विकास.

एक हिशेब आपला आपल्यालाही मांडावा लागेल. आमच्याकडे पडद्यावर क्षणभर दिसलेल्या माणसाचं मोल अचानक वाढतं. पंचवीस वर्षं रंगमंच गाजवणाऱ्या नटाला मंडळ पोस्टरवर कोपऱ्यात टाकतं आणि एका मालिकेत दोन भाग केलेल्या बाहेरच्या नटीचा फोटो मधोमध येतो, वर ‘सिनेतारका’. आयोजक म्हणून मी असले पोस्टर लावलेले आहेत, कारण तिकीट खपतं. परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. गडचिरोली जिल्ह्यातल्या कुरखेडा तालुक्यातला हा विनोदी नट. त्यांची सगळी कीर्ती झाडीपट्टीच्या रंगमंचावरची, पडद्याने त्यांना मोठं केलं नाही. तरीही त्यांची ओळख करून देताना लोक ‘विदर्भाचे दादा कोंडके’ म्हणतात. पद्मश्री मिळालेल्या माणसालाही पडद्यावरच्या नटाच्या नावाने ओळखावं लागतं, यात दादा कोंडके यांचा काही दोष नाही.

नाव नोंदलेलं असण्याचा उपयोग काय, हे बघायचं तर नागपूरच्या वीरा साथीदार यांच्याकडे बघावं. आयुष्य चळवळीत गेलेलं, ‘विद्रोही’ मासिकाचं संपादन, गाणी, सभा. २०१४ मध्ये आलेल्या ‘कोर्ट’ या चित्रपटात त्यांनी नारायण कांबळे हा लोकशाहीर उभा केला. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, ऑस्करसाठी भारताकडून तोच गेला. पडद्यावर ते पुढे फार काही करत बसले नाहीत, नागपुरात आपल्या कामात राहिले. २०२१ च्या एप्रिलमध्ये कोरोनाने त्यांना नेलं, तेव्हा देशभरच्या बातम्यांत ओळख आली ती ‘कोर्ट’मधले अभिनेते म्हणून. एका चित्रपटाने त्यांना सापडण्याजोगं केलं होतं. त्या निमित्ताने कितीतरी लोकांनी त्यांचं बाकीचं काम शोधून वाचलं. त्यांची भूमिका मोठी होती म्हणून नाव वर होतं. भूमिका लहान असती तर ते सापडले असते का?

शेजारच्या छत्तीसगडचं उदाहरण आणखी बोलकं आहे. ‘पीपली लाइव्ह’मधला नत्था, ओंकारदास माणिकपुरी, हबीब तन्वीर यांच्या नया थिएटरमधून आला. १९५९ साली सुरू झालेल्या त्या मंडळाने नाचा हे तिथलं लोकनाट्य करणाऱ्या गावच्या कलावंतांना घेऊन वर्षभर तालीम आणि प्रयोग केले, देश-परदेश पालथे घातले. त्यामुळे २०१० मध्ये लागलेल्या त्या चित्रपटासाठी चित्रपटवाले आले तेव्हा त्यांना तिथे एक नाव असलेलं, पत्ता असलेलं मंडळ दिसलं. त्या मंडळातले अनेक जण एकदम पडद्यावर आले. गोंदिया-गडचिरोलीच्या सीमेपलीकडचा नाचा आणि अलीकडची दंडार हे आमचं लोकनाट्य यांचं नातं सांगायला कोणी पंडित लागत नाही. आमच्या दंडारीतून, खडी गंमतीतून तसं मंडळ उभं राहिलं नाही. वडशाची मंडळं हंगामी राहिली. ही आमची उणीव आहे, ती मुंबईच्या माथी मारता येणार नाही.

भूमिकांबद्दल एकच सांगतो. विदर्भातल्या माणसाला पडद्यावर दोनच कामं मिळतात: लोकांना हसवायचं किंवा गळफास घ्यायचा. भरत गणेशपुरे यांच्यासारख्या कसलेल्या नटाने वऱ्हाडी बोली घरोघरी नेली, त्याचा आनंद आहेच. पण ती बोली बोलणारा न्यायाधीश, डॉक्टर, प्रियकर कधी दिसणार? छोट्या नटाचं नाव छापा म्हणणं आणि त्याला माणूस म्हणून लिहा म्हणणं, या दोन मागण्या एकाच पोटातून येतात. दुसरी मागणी नियमाने पुरी होत नाही. ती लेखकांनी पुरी करायची आहे.

नाव छापण्याचा आणखी एक फायदा आहे, अगदी रोकडा. राज्य सरकार ज्येष्ठ कलावंतांना मानधन देतं. राजर्षी शाहू महाराजांच्या नावाची ही योजना, महिन्याला ५,००० रुपये. वय पन्नासच्या वर हवं, उत्पन्न कमी हवं आणि कलेच्या क्षेत्रात पंधरा वर्षं घालवल्याचं दाखवता यायला हवं. जुनी पोस्टरं पावसात गेली, मंडळ मोडलं, मालक वारला, मग पंधरा वर्षं दाखवायची कशी? गावातल्या म्हाताऱ्या नटाचा अर्ज घेऊन पंचायत समितीत गेलेल्या कोणालाही विचारा. चित्रपटातलं छापील नाव, तारखेसह, हा असा पुरावा आहे की तो उंदीर खात नाही.

अनुदान ठरवणाऱ्या मुंबईतल्या समितीने तीन कागदांची ही अट घालेपर्यंत थांबायचं कारण नाही. युनिट गावात येतं तेव्हा शाळेचं पटांगण हवं असतं, समाजमंदिर हवं असतं, तळ्याची पाळ हवी असते. त्यासाठी ते ग्रामपंचायतीकडे ना-हरकत मागायला येतात. सरपंच फोटो काढून घेतात आणि पत्र देऊन टाकतात. त्या पत्रात सचिवाने एवढं टाईप करावं: शूटिंग संपल्यावर आठ दिवसांत, काम केलेल्या ग्रामस्थांच्या नावांची यादी, दिलेल्या मोबदल्याच्या रकमेसह, ग्रामपंचायतीत जमा करावी, आणि संवाद असलेल्या कलावंतांची नावं टायटलांत द्यावीत. निर्माता कुरकुर करेल, मग कदाचित शेजारच्या गावात जाईल. म्हणून शेजारच्या गावानेही तेच पत्र टाईप करून ठेवायला हवं, आणि हे काम हंगाम लागायच्या आत, तालुक्याच्या सरपंचांच्या एका बैठकीत उरकता येतं.